कारभारीचा मुका कॉम्प्युटर

कारभारी कातकाडे अंबडच्या कंपनीत टेलिफोन ऑपरेटर होता, आणि त्याला फसवणं कुणाला जमलं नाही. स्टोअरमधला एखादा माणूस आवाज बदलून "मी डायरेक्टर बोलतोय" म्हणायचा, तर कारभारी शांतपणे उत्तर द्यायचा, "डायरेक्टरसाहेब बोलायच्या आधी नाक ओढत नाहीत. काम काय ते सांग." पुण्याच्या डीलरचा फोन आला की त्याच्या पहिल्या श्वासावरच याची बोटं परचेसच्या बटणावर जायची. कंपनीतल्या प्रत्येकाचा नंबर त्याला तोंडपाठ होता, आणि कुणाचं घरी भांडण झालंय, कुणाला सर्दी झालीय, कोण सुट्टी मागायच्या बेतात आहे, हे त्याला मॅनेजरच्या आधी कळायचं. कळायचं आणि पोटातच राहायचं.

तो जन्मापासून आंधळा नव्हता. सिन्नरजवळच्या खेड्यात तीन वर्षांचा असताना त्याला गोवर आला आणि जाताना डोळे घेऊन गेला. दिसतं म्हणजे काय, यातलं त्याला एवढंच आठवायचं की बापाच्या अंगावर काहीतरी पांढरं असायचं. बाप, भिमाजी, त्याला नाशिकच्या अंधशाळेत सोडून आला तेव्हा फाटकाबाहेर बराच वेळ उभा होता. हे कारभारीला दिसलं नाही, पण चपला निघून गेल्याचा आवाज आला नाही, म्हणून कळलं. शाळेत त्याला खुर्च्या विणायला शिकवल्या. खुर्च्यांचा त्याला मनापासून तिटकारा होता. आंधळा दिसला की लोक त्याच्या हातात वेत का देतात, हे कोडं त्याला शेवटपर्यंत सुटलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही सुटलेलं नाही. पुढं ऑपरेटरचा कोर्स करून तो अंबडला लागला, सिडकोत दोन खोल्या घेतल्या, सविताशी लग्न झालं, आणि संसार रुळाला लागला.

दोन हजार एक साली कंपनीनं नवा एक्स्चेंज बसवला. फोन केला की एक रेकॉर्ड केलेली बाई गोड आवाजात सांगायची, हव्या त्या खात्याचा नंबर दाबा. त्या बाईला सर्दी होत नव्हती, रजा लागत नव्हती आणि पगारही नव्हता. कारभारीचा टेलिफोनचा बोर्ड भिंतीवरून उतरवला तेव्हा तो शेजारीच बसून होता. स्क्रू निघाल्याचे आवाज ऐकत.

पर्सनलचे साहेब तसे वाईट नव्हते. आपण वाईट ठरू नये याची त्यांना फार काळजी असायची, एवढंच. त्यांनी कारभारीला बोलावलं. "हे बघ, तुला काढायचं माझ्या मनात नाही. पण बसवायचं कुठं?"

"साहेब, गेटवरची आवक मी करतो," कारभारी म्हणाला. "ट्रक आला की वॉचमन गोटीराम फोनवर गाडी नंबर, माल, पार्टी सांगतो आणि स्टोअरमधला माणूस कॉम्प्युटरवर चढवतो. ऐकायचं आणि टाईप करायचं, एवढंच काम हाय. ऐकण्यात मी कमी नाही."

"आणि कॉम्प्युटर कोण वाचून दाखवणार तुला?"

"कॉम्प्युटरच."

साहेबांना वाटलं, हा गंमत करतोय. पण तशी सोय तेव्हा आली होती. अंधांच्या एका केंद्रात योगिनीताई नावाच्या बाई संध्याकाळी असा प्रोग्राम शिकवायच्या, जो स्क्रीनवरचं सगळं इंग्रजीतून मोठ्यानं बोलून दाखवायचा. कारभारी रोज ड्यूटी सुटली की बसनं तिथं जायला लागला. तो आवाज एखाद्या चिडलेल्या गोऱ्या मास्तरासारखा होता. पहिल्यांदा त्यानं स्वतःचं नाव टाईप केलं तेव्हा मास्तर म्हणाला, "कर-बारी कॅट-केड." कारभारी इतका हसला की डोळ्यांत पाणी आलं. पण घरी जाताना बसमध्ये त्याची बोटं मांडीवर तेच नाव पुन्हा पुन्हा टाईप करत होती. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं काहीतरी साधं, सगळ्या जगासारखं लिहिलं होतं आणि ते बरोबर आहे का, हे दुसऱ्या कुणाला विचारावं लागलं नव्हतं.

मूळ प्रोग्राम घ्यायचा तर कारभारीला स्वतःला विकावं लागलं असतं. म्हणून सगळे अंध लोक त्याची नमुन्याची प्रत वापरायचे. ती चाळीस मिनिटं बोलायची आणि तोंड मिटायची. मग कॉम्प्युटर बंद करून परत चालू केला की पुढची चाळीस मिनिटं मिळायची. दिवसातून कितीतरी वेळा हे करावं लागे. चालू होताना विंडोज पासवर्डचा चौकोन दाखवायची (पासवर्ड कोराच ठेवलेला, नुसतं एंटर पुरे), आणि तेव्हा बोलणारा अजून जागा झालेला नसायचा. त्यासाठी योगिनीताईंनी सगळ्यांना एकच मंत्र दिला होता. "सुरुवातीची धून वाजली की एंटर मारा. बोलला नाही, तर चौकोन गेला नसेल, आणखी एक एंटर मारा." तो मंत्र कारभारीच्या बोटात इतका भिनला की घरी दिव्याचं बटण लावतानाही त्याचं बोट हवेत एंटर मारायचं. सविता त्याला हसायची.

साहेबांनी परवानगी दिली ती दिवाळीपर्यंत. "दिवाळीला मी स्वतः एक दिवस शेजारी बसेन. कुणाच्या मदतीशिवाय आवक चढली, तर तुझी खुर्ची पक्की. नाही तर मग..." चाळिशीला टेकलेल्या आंधळ्या माणसाला अंबडमध्ये दुसरं कोण दारात उभं करणार होतं?

स्टोअरमध्ये त्याच्या शेजारी महेश बसायचा. वयानं धाकटा, बडबड्या, जीव लावणारा. कॉम्प्युटर परत चालू करायची वेळ आली की महेश ओरडायचा, "दादाचा मास्तर चहाला गेला रे!" आणि खरोखर दोघांचा चहा सांगायचा. सुरुवातीला लोक दारात उभं राहून बघायचे. मग सवय झाली. पावसाळ्याच्या अखेरीस तर अशी परिस्थिती होती की गोटीराम गेटवरून फोन करायचा, "कारभारीबुवा, घोटीची गाडी आलीय, पत्रा हाय," आणि ट्रक वजनाला लागायच्या आत नोंद झालेली असायची. चूक सापडत नव्हती. साहेब येता-जाता पाठीवरून हात फिरवायला लागले. सविता म्हणाली, "आता दिवाळीला मला पैठणी नाय तर नाय, साधी साडी तरी लागंल." तो म्हणाला, "खुर्ची पक्की होऊ दे, मग दुकानच घेऊ." हा माणूस असं बोलतोय म्हणजे त्याला विश्वास वाटायला लागलाय, हे तिनं ओळखलं.

आणि खंडेनवमी आली.

अंबडला खंडेनवमी म्हणजे दिवाळीच्या वरताण. त्या दिवशी काम बंद. लेथ, प्रेस, ड्रिल सगळं घासूनपुसून लख्ख करायचं, झेंडूची माळ घालायची, हळदकुंकू लावायचं, नारळ फोडायचा, पेढे वाटायचे. वर्षभर ज्याच्यावर हात चालतो त्याच्यापुढं एक दिवस हात जोडायचे. कॉम्प्युटर आले तसे तेही या पंगतीत बसले. त्या वर्षी महेशच्या डोक्यात कल्पना आली. सबंध स्टोअरमध्ये स्पीकर असलेला कॉम्प्युटर एकच, कारभारीचा. आरत्यांची सीडी महेशकडं होती. "दादा, या वर्षी आरती तुझ्या मशीनवर. मान तुझा!"

कारभारीला नाही म्हणायचं काही कारण नव्हतं. उलट छाती फुगली. तेरा वर्षं बोर्डावर काढली, पण त्याच्या बोर्डाला कुणी आरतीचा मान दिला नव्हता. महेशनं सीडी घातली. तिच्यात गाणी वाजवायचा प्रोग्राम होता, तो आधी बसवावा लागला. स्क्रीनवर काही प्रश्न आले, महेशनं न वाचता सगळ्यांना हो म्हटलं, जसं आपण सगळेच म्हणतो. मग आरत्या वाजल्या. टाळ्या पडल्या. महेशनं मॉनिटरच्या कपाळावर कुंकवाचं बोट ओढलं आणि तेच बोट कारभारीच्या कपाळाला लावलं. सगळे हसले. कारभारी सगळ्यांत मोठ्यानं हसला.

दसऱ्याची सुट्टी संपवून तो कामावर आला. तो नेहमीच पहिल्या बसनं यायचा, स्टोअरमध्ये कुणी नसताना. कॉम्प्युटर चालू केला. धून वाजली. एंटर मारला. मास्तर बोलला नाही. मंत्राप्रमाणे आणखी एक एंटर मारला. तरी नाही. बंद करून परत चालू केला. एंटर. थांबला. एंटर. खोलीत पंख्याचाच आवाज.

महेश आला तेव्हा कारभारी शर्ट घामानं भिजवून बसला होता.

"स्पीकर गेला असेल," महेश म्हणाला आणि सीडी लावली. आरती खणखणीत वाजली. "स्पीकर तर ठणठणीत आहे की दादा!"

इथंच सगळा घोळ झाला. आवाज येत नसता, तर कुणी तार बघितली असती, कुणी कार्ड बघितलं असतं. पण आवाज येत होता. गाणं म्हणणारा कॉम्प्युटर मुका आहे, हे डोळस माणसाला पटवायचं कसं? ज्यानं-त्यानं येऊन सीडी लावली, आरती ऐकली आणि "चालू तर आहे" म्हणून निघून गेला.

कारभारीनं योगिनीताईंना फोन लावला. त्या बाळंतपणाला पुण्याला माहेरी गेल्या होत्या. अवघडलेल्या आवाजातही त्यांनी नेमकं विचारलं, "स्क्रीनवर काही मेसेज आलाय का? कुणाला तरी बघायला सांगा."

"महेश, स्क्रीनवर काय दिसतंय बघ रे. नीट बघ."

महेश टेबलावर दोन्ही हात टेकून अगदी जवळ वाकला. नीट बघितलं. "काही नाही दादा. देवीचा फोटो आहे, आपली सप्तशृंगी. बाकी कोरं."

"काही नाही म्हणतोय ताई."

"मग त्या नमुन्याच्या प्रतीची मुदत संपली असेल," पलीकडून योगिनीताई म्हणाल्या. "मी आल्यावर बघू. पण मला वेळ लागेल हो."

कॉम्प्युटर पुरवणाऱ्या दुकानाचा माणूस आला. त्यानंही आरती ऐकली. "मशीनमध्ये फॉल्ट नाही. हे अंधांचं सॉफ्टवेअर आपल्या लाईनमधलं नाही. मुदत संपली असणार, विकत घ्या." किंमत ऐकून साहेबांनी मान हलवली, आणि ती कोणत्या दिशेनं हलवली ते कारभारीला त्यांच्या गप्प बसण्यावरून कळलं.

दिवाळीपर्यंतचे दिवस त्यानं कसे काढले, ते सांगायला जड जातं. रोज पहाटे उठायचा, पहिली बस, धून, एंटर, थांबायचं, एंटर. रोज वाटायचं, आज बोलेल. मग आवाजाशिवाय, नुसत्या बोटांच्या आठवणीवर नोंदी करायला बघायचा. कुठल्या रकान्यात आहोत याचा पत्ता नसायचा. एकदा पत्र्याची गाडी बोल्टाच्या नोंदीवर चढली आणि बोल्टाची नोंद पुसली गेली. असेंब्लीनं आरडाओरडा केला. महेशनं ती चूक स्वतःवर घेतली, पण साहेबांना कळायचं ते कळलं. गोटीराम फोन महेशलाच करायला लागला. कारभारीच्या टेबलावरचा फोन वाजेनासा झाला, आणि ज्याचा सगळा जन्म घंटीवर गेला त्याला ती शांतता सोसवेना. घरी तो सवितावर उगाच खेकसायचा. जेवताना पाणी सांडलं म्हणून ताट सारलं एकदा. तिनं बिचारीनं ते उचलून ठेवलं. साडीचं तर नावच काढलं नाही.

साहेब शेजारी बसायला आलेच नाहीत. त्यांनी केबिनमध्ये बोलावलं, चहा पाजला. "तू प्रयत्न केलास कारभारी. कंपनी विसरणार नाही." राजीनामा टाईप करून तयार होता. अंगठा नको, सही करतो, असं कारभारी म्हणाला. शाळेत शिकवली होती. तिरकी झाली.

निरोपाच्या दिवशी शाल आली, श्रीफळ आलं, भाषणं झाली. आणि मग साहेबांनी जाहीर केलं की कारभारीच्या सेवेची आठवण म्हणून कंपनी त्याला त्याचा कॉम्प्युटर भेट देत आहे. टाळ्यांचा कडकडाट. आंधळ्या माणसाला मुका कॉम्प्युटर देऊन पन्नास माणसं टाळ्या वाजवतात, तेव्हा त्यांचं डोकं ठिकाणावर असतं का, असं मला विचारावंसं वाटतं. पण त्यांच्या मनात पाप नव्हतं. महेश तर रडत होता. त्यानंच रिक्षा करून कॉम्प्युटर घरी पोचवला, तारा जोडल्या; तो टेबलामागं वाकलेला असतानाच कारभारीनं सवयीनं दोन्ही एंटर मारले; मग महेशनं आरती वाजवून दाखवली. तो गेल्यावर कारभारी सविताला म्हणाला, "याच्यावर कापड टाक."

पुढं अपंगांच्या कोट्यातून त्रिमूर्ती चौकाजवळ त्याला पीसीओ मिळाला. पिवळी टपरी, दोन फोन. सुरुवातीला बरं चाललं. अंबडला कामाला आलेली पोरं संध्याकाळी रांग लावून गावाकडं फोन करायची. मग एकेकाच्या खिशात मोबाईल वाजायला लागला. कारभारी टपरीत बसून रस्त्यावरून जाणाऱ्या रिंगटोन ऐकायचा आणि समजायचा, हे एक गिऱ्हाईक गेलं. एका मशीनच्या बाईनं बोर्ड घेतला, आता हे खिशातलं डबडं टपरी घेणार होतं. तो कडवट झाला होता. महेश अधूनमधून यायचा, खांद्यावर हात ठेवून कंपनीच्या गप्पा सांगायचा, तेव्हा तेवढा मोकळा बोलायचा.

पहिल्या वर्षी खंडेनवमीला त्या कापडाखालच्या वस्तूचं दोघांनीही नाव घेतलं नाही. दुसऱ्या वर्षी मात्र सवितानं हट्ट धरला.

"देवाच्या दारची वस्तू हाय. कुंकू लागलेलं हाय तिला. यंदा पूजा करायचीच, आन् आरती पन तिच्यावरच लावायची."

कारभारीनं हात टेकले. टपरीतले दोन्ही फोन घरी आणून पुसले, कॉम्प्युटर पुसला, ओळीनं मांडले. त्यानं चाचपत फोनांना हळदकुंकू लावलं, मग मॉनिटरला. दोन्ही हातांची बोटं हळदीनं ओली झाली.

"चालू कर," तो म्हणाला.

सवितानं बटण दाबलं. घरघर झाली, धून वाजली. कारभारीचा हात आपोआप पुढं गेला.

"हात लावू नका!" ती ओरडली. "हळद लागंल बटनांना. मी दाबते. कोन्चं? हे मोठं?" तिनं एंटर दाबलं. कारभारी दोन्ही हात वर धरून, नमस्काराला उशीर झालेल्या माणसासारखा बसला होता. दुसऱ्या एंटरसाठी त्याचं बोट शिवशिवत होतं. तेवढ्यात सविता म्हणाली, "अहो, हे काय आलं? चौकोन आलाय."

"पासवर्डचा असंल. अजून एकदा दाब."

"तो गेला ना. हा दुसराच हाय. लाल फुली हाय, आन् इंग्लिशमधी लय लिवलंय."

कारभारीचे हात तसेच वर राहिले.

"दाबू नको," तो म्हणाला. आवाज इतका बारीक निघाला की तिनं वळून बघितलं. "सविता, त्या बटनाला हात लावू नको. वाच."

"मला कुठं इंग्लिश येतं?"

"अक्षरं येतात ना? एकेक सांग."

सविता गावच्या शाळेत सातवीपर्यंत शिकलेली. दुकानांच्या पाट्या अक्षरं लावून वाचायची तेवढीच तिची इंग्रजी. स्क्रीनवर बोट ठेवून ती अक्षर-अक्षर सांगायला लागली. "ई. आर. आर. ओ. आर." मग पुढची ओळ. मग एका फाईलचं नाव, त्याच्या शेवटी "टिंब हाय, मग डी, एल, एल." मग आणखी बरंच काही, दुसऱ्या एका फाईलचं नाव, तेही डी, एल, एल. तो प्रत्येक अक्षर पुटपुटत होता. हळद त्याच्या कोपरापर्यंत ओघळली होती. "खाली एक चपटं बटन हाय," ती शेवटी म्हणाली, "ओ, के."

"हा चौकोन आपोआप जातो का, बघ. थांब आपण."

ते थांबले. आरतीचं तबक तसंच राहिलं. चौकोन जात नव्हता. कुणी एंटर मारत नाही तोवर तो हलणारच नव्हता.

योगिनीताई केव्हाच नाशिकला परत आल्या होत्या, पण नोकरी गेल्यावर कारभारीनं त्यांना फोनच केला नव्हता. कारभारीनं पूजेतला एक फोन उचलून घरच्या लाईनला जोडला, त्यांना लावला आणि पाठ झालेली अक्षरं म्हणून दाखवली. त्यांना समजायला वेळ लागला नाही.

"दुसरा कुठला प्रोग्राम बसवला होता का? गाण्याचा वगैरे?"

"आरतीचा."

"तेच ते," त्या म्हणाल्या. "प्रोग्राम थेट स्पीकरशी बोलत नाही हो. मधे निरोप नेणाऱ्या फाईली असतात, त्या विंडोजमध्ये एका जागी बसलेल्या असतात. दोन प्रोग्रामना एकाच नावाची फाईल लागते. नवा प्रोग्राम येतो, आपली फाईल आणतो आणि जुनीवर बसवतो. त्याची गाणी वाजतात. पण आपल्या बोलणाऱ्याचे निरोप त्या नव्या फाईलला कळतच नाहीत."

"म्हणजे बोर्डावर दुसराच ऑपरेटर बसवला," कारभारी म्हणाला.

"अगदी तसंच. मुदतीचा काही प्रश्नच नव्हता. तेव्हाच मेसेज सांगितला असता, तर एका फ्लॉपीचं काम होतं हो."

कारभारीनं फोन ठेवला. सविता काही विचारत होती, पण त्याच्या कानापर्यंत ते पोचत नव्हतं. तो मनात त्या सगळ्या सकाळी परत जगत होता. रिकामं स्टोअर, धून, एंटर, वाट बघणं. दर सकाळी कॉम्प्युटरनं त्याला सांगितलं होतं काय बिघडलंय ते, फाईलच्या नावासकट सांगितलं होतं, आणि दर सकाळी त्यानं स्वतःच्या बोटानं ते पुसलं होतं.

संध्याकाळी योगिनीताई बाळ कडेवर घेऊन, नवऱ्याबरोबर स्कूटरवरून आल्या. नवऱ्यानं फ्लॉपी घातली, जुनी फाईल तिच्या जागी नेऊन ठेवली. सवितानं ठेवलेला चहा उकळायच्या आत मास्तर बोलायला लागला. तोच चिडका आवाज. कारभारीनं बाणाची बटणं दाबत आवकेची फाईल उघडली. ती अजून आत होती. मास्तर मुका व्हायच्या आधीची शेवटची नोंद त्यानं शोधली: खंडेनवमीच्या आदल्या दिवसाची, त्याच्या हातची, घोटीचा पत्रा. बरोबर होती. योगिनीताई "वा!" म्हणाल्या. तो तीच नोंद परत परत ऐकत राहिला, म्हणून त्या लवकर निघाल्या.

दसऱ्याला महेश आपट्याची पानं घेऊन आला. "सोनं घे दादा, सोन्यासारखा राहा," म्हणून पाया पडला आणि मधेच थबकला. आतल्या खोलीतून मास्तराचा आवाज येत होता. कारभारी सकाळपासून तो ऐकत बसला होता.

"अरे! बोलायला लागला?" महेशनं त्याला मिठीच मारली. "दादा, बोलायला लागला! काय झालं होतं रे त्याला?"

दारात सविता उभी होती. तिच्या बांगड्या वाजल्या आणि एकदम थांबल्या. ती आता सगळं सांगणार, हे कारभारीला त्या थांबण्यावरून कळलं. महेशचा हात अजून त्याच्या खांद्यावर होता. त्याच हातानं सीडी घातली होती, कुंकू लावलं होतं, बोल्टाची चूक स्वतःवर घेतली होती.

"काही नाही रे," कारभारी म्हणाला. "धूळ बसली होती आत."

"बघ! एवढंच?" महेश हळहळला. "त्या दुकानदाराच्या तर... तेव्हाच पुसून घेतला असता तर आज तू खुर्चीवर असतास दादा."

"असतो," कारभारी म्हणाला. "चहा घे."

महेश गेल्यावर सविता उसळली. "त्याला का नाय सांगितलं? त्याच्या त्या सीडीपायी तुमची नोकरी गेली. आन् वर म्हनाला, स्क्रीनवर काय नाय! डोळे काय गहाण ठेवले होते?"

"तो खोटं बोलला नाही," कारभारी म्हणाला. "तो यायचा तोवर स्क्रीनवर खरंच काही नसायचं. मी घालवलेलं असायचं."

तिला पटकन कळलं नाही. मग कळलं. ती त्याच्या शेजारी खाली बसली आणि पदर तोंडाला लावून रडली. त्याला रडू आलं नाही. बाहेर पोरं सोनं वाटत हिंडत होती.

आतला आवाज मधेच तुटला. चाळीस मिनिटं भरली होती.

"परत चालू करू का?" सवितानं नाक पुसत विचारलं.

"कर."

तिनं कॉम्प्युटर बंद करून चालू केला. धून वाजली. कारभारीचं बोट एंटरवर होतं, पण त्यानं दाबलं नाही.

"काय आलंय, वाच," तो म्हणाला.

"पासवर्डचाच हाय. दुसरं काय नाय."

"नीट बघ."

"नीटच बघितलं," ती म्हणाली. मग त्यानं दाबलं.